कालाबासितास: मेक्सिकोची भोपळा-मक्याची भाजी इथल्या बाजारातून कशी जमवावी?

तांबडी_माती

नमस्कार मंडळी. नोकरीच्या निमित्ताने काही वर्षं मेक्सिकोत, पुएब्ला शहरात राहून आम्ही पुण्यात परतलोय. ताको आणि मोले यांचं नाव जगभर झालंय, पण मला तिथली आठवते ती फोंद्यातली कालाबासितास. फोंदा म्हणजे घरगुती खानावळ. दुपारी ठरलेलं जेवण मिळतं: आधी सूप, मग भात, मग त्या दिवशीचा एखादा गिसादो (रश्श्यात शिजवलेला पदार्थ), सोबत गरम तोर्तिया (मक्याची पोळी) आणि फळाचं गार पाणी. कालाबासितास कधी मांसाच्या बाजूला वाढलेली असते, तर कधी तीच मुख्य भाजी असते.

दिसायला अगदी साधी. वीतभरही नसलेला, फिकट हिरवा, पांढुरक्या ठिपक्यांचा कोवळा भोपळा (त्यालाच कालाबासिता म्हणतात), मक्याचे दाणे, टोमॅटो, कांदा, लसूण, हिरवी मिरची आणि एपासोते नावाच्या उग्र पाल्याची एक काडी. वरून कुस्करलेलं ताजं चीज. भाजी झाकण ठेवून अंगच्या पाण्यात शिजते. मसाल्याचा डबा उघडायचाच नाही.

इंटरनेटवर हिच्या नावाने जे दिसतं ते बघून मला वाईट वाटतं. स्वीट कॉर्न, रंगीत ढोबळी मिरची, पाकिटातला 'ताको मसाला', आणि भोपळा असा कच्चट की दाताखाली करकरतो. माझं मत स्पष्ट आहे: या भाजीतला मका गोड नको आणि भोपळा बोटचेपा व्हायला हवा. या दोन गोष्टी नसतील तर ती दुसरी कुठलीतरी भाजी म्हणून खावी.

आता प्रश्न. इथे मॉलमधल्या झुकिनीने भागवायचं की दुधी, दोडका, लाल भोपळा यांपैकी काही जास्त जवळचं आहे? मका कुठला घ्यावा? आणि एपासोतेचं काय करावं?

गुळाचा_खडा

झुकिनीच घ्या. मेक्सिकोतही आता बाजारात गर्द हिरवी झुकिनी मिळते, तिला तिथे इटालियन कालाबासिता म्हणतात. फक्त लहान निवडा. मोठी झाली की मधला भाग स्पंजासारखा होतो.

निवांत_नाना

दुधीला का नाही म्हणता? झाकण ठेवून, अंगच्या पाण्यात, कोवळा दुधी. वर्णन तर तंतोतंत दुधीचं आहे.

चाकवत

नाना, शिजण्याच्या रीतीत दुधी जवळचा आहे, पण प्रजाती वेगळी. झुकिनी, मेक्सिकन कालाबासिता आणि आपला लाल भोपळा ही सगळी कुकुर्बिता प्रजातीतली, अमेरिका खंडातली मंडळी. दुधी मूळचा आफ्रिकेतला. चवीत हे लगेच कळतं. कुकुर्बिताच्या कोवळ्या फळाला किंचित गोडसर, कच्च्या दाण्यासारखा स्वाद असतो आणि साल मऊ असल्याने सोलायची गरज नसते. दुधीचं पाणी जास्त सुटतं आणि स्वाद फार सौम्य असतो. टोमॅटो आणि मिरचीपुढे तो हरवून जातो. भाजी वाईट होत नाही, पण ती दुधी-टोमॅटोच होते.

या भोपळ्याचा इतिहास फार जुना आहे. ओआहाका राज्यात मित्ला गावाजवळ गिला नाकित्स नावाची गुहा आहे. तिथे सापडलेल्या लागवडीच्या भोपळ्याच्या बिया सुमारे १०,००० वर्षांपूर्वीच्या आहेत. त्याच गुहेतली मक्याची कणसं ६,००० वर्षांहून जुनी आहेत. म्हणजे माणसाने मका हाती धरण्याच्या कितीतरी आधी भोपळा धरला होता. तोही आधी बियांसाठी आणि टणक कवचासाठी, कारण रानभोपळ्याचा गर कडू असतो. गोड गर पिढ्यान्‌पिढ्यांच्या निवडीतून आला.

वऱ्हाडी_ठेचा

आमच्याकडे कोवळं कोहळं, म्हणजे लाल भोपळा, मिळते, मुठीएवढं, साल नखानं निघेल असं. त्याची भाजी आई सालीसकट करते. ते चालेल काय?

चाकवत

चालेल काय विचारता, दादा? माझ्या मते तोच इथला सगळ्यात चांगला पर्याय आहे. मेक्सिकोच्या उष्ण भागात लाल भोपळ्याच्याच जातीची कोवळी फळं कालाबासिता म्हणून खातात. वेलावर फूल गळून थोडेच दिवस झालेलं फळ घ्यायचं. बी धरायला लागली की ते जून झालं समजा.

अबोली_जालिस्को

मेक्सिकोतल्या ग्वादालाहाराहून लिहितेय. माझ्या शेजारच्या सेन्योरांकडे (बाईंकडे) ही भाजी आठवड्याला होतेच. त्यांच्याकडे उभं राहून शिकलेली रीत देते. चार माणसांना साइड डिश म्हणून पुरते.

अर्धा किलो कोवळ्या कालाबासिता, दोन कणसांचे दाणे, दोन लालबुंद टोमॅटो, एक मध्यम कांदा, दोन पाकळ्या लसूण, एक-दोन सेरानो मिरच्या (आपली साधी हिरवी मिरची बिनदिक्कत चालते), एपासोतेची एक काडी, दोन चमचे तेल किंवा डुकराची चरबी, मीठ, आणि वर घालायला १०० ग्रॅम केसो फ्रेस्को, म्हणजे ताजं चीज.

कांदा तेलात मंद आचेवर पारदर्शक होईपर्यंतच परतायचा. तांबूस रंग आला की भाजीला आपल्या रश्श्याचा वास यायला लागतो, तो इथे नको असतो. मग लसूण आणि मिरची. मग बारीक चिरलेला टोमॅटो, तो आटून त्याचा कच्चा वास जाईपर्यंत आणि कडेने तेल दिसेपर्यंत. इथपर्यंत घाई करायची नाही, कारण भाजीचा सगळा स्वाद याच टप्प्यात तयार होतो.

त्यानंतर मक्याचे दाणे. इथला कणसाचा दाणा पांढरा, भरडा आणि पिठूळ असतो. तो भोपळ्यापेक्षा सावकाश शिजतो, म्हणून तो आधी. दोन-तीन चमचे पाणी शिंपडून झाकण ठेवून दहा-बारा मिनिटं. मग भोपळ्याच्या दीड-दोन सेंटिमीटरच्या फोडी, मीठ, एपासोतेची अख्खी काडी. झाकण. आच एकदम मंद. आता पाणी घालायचं नाही, कितीही मोह झाला तरी. साधारण दहा मिनिटांत भोपळा आपलं पाणी सोडतो, ते टोमॅटोत मिसळतं आणि मक्याच्या पिठूळपणामुळे थोडं दाट होतं. मधे एकदाच हलक्या हाताने हलवायचं. सुरी सहज आत गेली की गॅस बंद, चीज पसरायचं, परत झाकण आणि पाच मिनिटं हात लावायचा नाही.

तांबडी_माती, मका आणि बोटचेपेपणा, दोन्हीबाबत तुझ्याशी शंभर टक्के सहमत.

घाटमाथा

अबोली, झाकणात पाणी ठेवलं तर? आमच्याकडे अंगच्या पाण्यात शिजणाऱ्या सगळ्या भाज्यांना खोलगट झाकणात पाणी ठेवतात.

अबोली_जालिस्को

इथे तशी पद्धत पाहिली नाही, पण जाड बुडाचं भांडं नसेल तर नक्की ठेवा. वाफ झाकणाला लागून परत खाली पडते आणि तळ धरत नाही. इथे जुन्या घरांत मातीची कासुएला वापरतात. ती हळू तापते आणि खाली उतरवल्यावरही बराच वेळ शिजवत राहते. त्यात करत असाल तर गॅस दोन मिनिटं आधीच बंद करा.

उनाड_कार्टी

दोन्ही ताईंना विनम्र विरोध. करकरीत भाजीत वाईट काय आहे? मी मोठ्या आचेवर झुकिनी परतते, कडा खरपूस होतात, मका भाजला जातो, वरून लिंबू. दहा मिनिटांत तयार आणि जीवनसत्त्वंही टिकतात. 'पारंपरिक' म्हणून भाजीचा गाळ करायलाच हवा का?

तांबडी_माती

उनाड, तुझी भाजी चविष्टच असणार. पण मी गाळाबद्दल बोलत नाहीये. फोड अखंड दिसते आणि जिभेने दाबली की विरघळते, तिथे थांबायचं. करकरीत भोपळ्याने स्वतःचं पाणी सोडलेलंच नसतं. मग टोमॅटोत मिसळणार काय आणि मका शोषून घेणार काय? सगळे जिन्नस एका ताटात वेगवेगळे राहतात. या भाजीतला रस आपण करत नाही, तो भोपळा देतो, आणि तेवढ्यासाठी त्याला वेळ लागतो.

सांजसावली

हे फार आवडलं. आज रात्री करणार.

आल्बुकर्कीचा_अण्णा

आमच्या न्यू मेक्सिकोत कालाबासितास हे घरोघरचं नाव आहे, पण इथे टोमॅटो बहुतेक नसतोच. त्याऐवजी भाजून सोललेली हिरवी चिले भरपूर. उन्हाळा संपता संपता दुकानांबाहेर मोठे जाळीचे पिंप आगीवर फिरवत पोत्यांनी मिरच्या भाजून देतात, गावभर वास पसरतो. लोक त्या सोलून वर्षभरासाठी फ्रीझरमध्ये ठेवतात. भोपळा, मका, कांदा, ही चिले आणि वर वितळणारं चीज. अमेरिकेत आहे म्हणून तिला नकली म्हणू नका. १८४८ पर्यंत हा प्रदेश मेक्सिकोचाच होता आणि इथले मूळ रहिवासी प्वेब्लो लोक त्याच्याही कितीतरी आधीपासून इथे मका, घेवडा आणि भोपळा लावत आलेत.

अबोली_जालिस्को

अण्णा, कोण नकली म्हणेल! इथेही घर बदललं की भाजी बदलते. पुएब्लाकडे भाजलेल्या पोब्लानो मिरचीच्या पट्ट्या, म्हणजे राहास, घालतात. कोणी शेवटी थोडी साय किंवा दूध घालतं. डुकराच्या मांसाबरोबर केली तर ती साइड डिश राहत नाही, पूर्ण जेवण होतं. ईस्टरआधीच्या ४० दिवसांच्या कुआरेस्मात, विशेषतः शुक्रवारी, मांस वर्ज्य असतं. तेव्हा हीच भाजी चीज घालून घरोघर होते.

निवांत_नाना

म्हणजे उपवासाची भाजी. आपल्याकडे लाल भोपळा उपवासाला चालतोच, तेव्हा मी एकादशीला मका आणि कांदा-टोमॅटो वगळून करीन.

गुळाचा_खडा

नाना, मग उरला भोपळा आणि मिरची. त्यात दाण्याचं कूट घाला आणि आनंदाने खा :)

देवगडची_मी

फुलांचा विषय कोणीच कसा काढला नाही? आमच्याकडे भोपळ्याच्या फुलांची भजी पावसाळ्यात ठरलेली.

तांबडी_माती

काढायचाच होता. मेक्सिकोत फुलं जुड्या बांधून विकतात. मेक्सिको सिटीत फुलं आणि एपासोते भरून केसादिया (दुमडलेल्या तोर्तिया) करतात. कालाबासितासमध्येही शेवटच्या दोन मिनिटांत मूठभर फुलं चिरून घालतात. फक्त नरफुलं तोडायची, म्हणजे फळधारणेवर परिणाम होत नाही. थोडी नरफुलं वेलावर राहू द्यायची, परागीकरणाला लागतात. बिया भाजून सालसात वाटतात, आणि ओआहाकात वेलाच्या कोवळ्या शेंड्यांचं सूप असतं, सोपा दे गियास. त्यात शेंडे, फुलं, कोवळा भोपळा आणि कणसाचे तुकडे सगळं एकत्र. वेलाचं काहीच वाया जात नाही.

घाटमाथा

यामागे त्यांची शेतीची रीत आहे. मिल्पा म्हणतात तिला. मका, घेवडा आणि भोपळा एकाच शेतात. घेवडा मक्याच्या ताटाला धरून वर चढतो आणि मुळांवरच्या गाठींतून जमिनीला नत्र देतो. भोपळ्याची रुंद पानं जमीन झाकतात, ओल टिकते, तण दबतं. मधल्या जागेत आपोआप उगवणाऱ्या पालेभाज्याही खुडून खातात, त्यांना केलितेस म्हणतात. ही भाजी बघा ना: भोपळा आणि मका शेतातले, मिरची आणि टोमॅटो बांधावरचे, एपासोते आपोआप उगवलेलं. अख्खं शेत एका कढईत. आमच्याकडे ज्वारी-तुरीचं मिश्रपीक आजोबांपर्यंत होतं, नंतर सगळीकडे ऊस आला. म्हणून हे वाचताना मला जेवणाइतकीच जमीनही दिसते.

२०१० साली युनेस्कोने मेक्सिकोच्या पारंपरिक पाककलेला अमूर्त वारशाच्या यादीत घेतलं, तेव्हा मिचोआकान राज्याचं उदाहरण पुढे ठेवलं होतं. त्या नोंदीत पदार्थांबरोबर मिल्पासारखी शेती आणि मका चुन्याच्या पाण्यात शिजवायची पद्धतही आहे. मला हे फार योग्य वाटतं. शेत बाजूला काढून स्वयंपाकाचा वारसा सांगता येत नाही.

उनाड_कार्टी

मग 'पारंपरिक' कुठपर्यंत मागे न्यायचं? कांदा, लसूण, चरबी, चीज हे सगळं स्पॅनिश लोकांनी आणलं. १५२१ आधीच्या कालाबासितासमध्ये यातलं काहीच नसणार.

चाकवत

बरोबर. तेव्हा भोपळा, मका, टोमॅटो, मिरची, एपासोते, मीठ आणि वाफ एवढंच असणार. पण ५०० वर्षं पिढ्यान्‌पिढ्या चीज घालून झाल्यावर ते चीज परकं राहत नाही. मिरची पोर्तुगीजांबरोबर गोव्याला उतरली आणि आज मिरचीशिवाय मराठी स्वयंपाकघराची कल्पना करता येत नाही. तोच न्याय त्यांनाही लावू या.

वऱ्हाडी_ठेचा

मक्याचा विषय निघालाच आहे तर एक सांगतो, विषयाला धरून आहे. वर्ध्यात जन्मलेले पांडुरंग सदाशिव खानखोजे, गदर चळवळीतले क्रांतिकारक. इंग्रजांमुळे देशात परतता येईना, तेव्हा १९२४ च्या सुमारास ते मेक्सिकोत पोचले आणि चापिंगोच्या कृषी शाळेत शिकवू लागले. मक्याच्या सुधारित वाणांवर त्यांनी तिथे काम केलं आणि गरीब शेतकऱ्यांसाठी मोफत कृषी शाळा चालवल्या. मेक्सिकन चित्रकार दिएगो रिवेराने तिथल्या शिक्षण मंत्रालयाच्या भिंतीवर जी चित्रं काढली, त्यातल्या एकात भाकरी वाटणाऱ्या माणसाच्या रूपात खानखोजे आहेत. तिना मोदोत्तीने त्यांच्या मक्याची छायाचित्रं काढली. १९६७ मध्ये नागपुरात ते वारले. २०२२ मध्ये चापिंगोच्या विद्यापीठात त्यांचा पुतळा उभा राहिला.

आमच्या विदर्भात किती जणांना हे माहीत आहे? शाळेत आम्हाला कोणी सांगितलं नाही. सांगायला पाहिजे होतं.

सांजसावली

अंगावर काटा आला. खरंच माहीत नव्हतं. ठेचा, यांच्यावर वेगळा धागा काढा, प्लीज.

घाटमाथा

+१. लवकर काढा.

तांबडी_माती

मी चापिंगोजवळून, तेस्कोकोहून, बरेचदा गेले आहे. तिथे कोणी आपला माणूस मक्यावर काम करून गेला हे आता कळतंय. ठेचादादा, मनापासून आभार.

बरं, माझ्या मक्याच्या प्रश्नाचं काय?

रानवाट

मी जुन्नर तालुक्यातला. उत्तर देतो. स्वीट कॉर्न हे जनुकातल्या बदलामुळे गोड राहतं, त्यातल्या साखरेचं पिठात रूपांतर नीट होत नाही. म्हणून ते शिजवून दाटपणा येत नाही आणि टोमॅटोबरोबर गोडच लागतं. तुम्हाला हवा तो देशी मका. पावसाळ्यात रस्त्याच्या कडेला कोळशावर भाजून विकतात त्यातली फिकी, पांढरट-पिवळट कणसं असतात ना, ती. विकणाऱ्याला सांगा, 'गोड नको, गावठी द्या.' दाण्याला नख लावलं की दुधासारखा चीक उडाला पाहिजे. नुसतं पाणी निघालं तर फारच कोवळं, काहीच निघालं नाही तर निबर. निबर कणीस भाजायला ठीक, या भाजीत ते दाताला लागेल.

हंगाम नसताना काय कराल ते सांगतो. स्वीट कॉर्नच घ्या, पण त्यातले पाव भाग दाणे जाडसर वाटून घाला आणि अर्धा चमचा मक्याचं पीठ पाण्यात कालवून टोमॅटोबरोबर शिजवा. दाटपणा येतो. गोडी कमी होत नाही, तिच्यावर एक मिरची वाढवायची.

तांबडी_माती

रानवाट, हेच उत्तर हवं होतं! चिकाची खूण लिहून ठेवली.

उनाड_कार्टी

वाटलेले दाणे घालायची युक्ती छान आहे. यासाठी मी आच कमी करून बघायला तयार आहे.

खापरपोळी

एपासोतेबद्दल मी लिहू शकते, बाल्कनीतल्या कुंडीत आहे माझ्याकडे. अमेरिकेहून बहिणीने बी आणलं होतं. बी अगदी खसखशीहून बारीक, मातीत पुरायचं नाही, वर भुरभुरवून हलकं पाणी शिंपडायचं. उगवलं की ऊन भरपूर द्या. तुरे यायला लागले की खुडत राहा, नाहीतर शेजारच्या सगळ्या कुंड्यांत ते दिसेल. वास पहिल्यांदा घेतला तेव्हा घरच्यांनी नाक मुरडलं होतं. रॉकेल, ओवा आणि लिंबाची साल यांच्या मधला काहीतरी. शिजल्यावर तो उग्रपणा बसतो आणि मागे एक रानटी, स्वच्छ स्वाद राहतो. एक काडी पुरे, दोन झाल्या की भाजी औषधी लागते.

चाकवत

माझ्या नावाची लाज राखायला लिहायलाच हवं: एपासोते हे चाकवताच्याच घराण्यातलं. भारतातही ते रानटी उगवलेलं आढळतं. पण खापरपोळी म्हणतात तसं बी मिळवून लावा, रस्त्याकडेचं उपटून आणू नका. ओळखीत घोटाळा होतो आणि जागाही घाण असते. अजून एक गोष्ट गंभीरपणे सांगते. त्यातला आस्कारिदोल हा घटक जास्त प्रमाणात विषारी आहे. पूर्वी त्याचं तेल जंतांवर औषध म्हणून देत. भाजीत घातलेल्या काडीने काही होत नाही, पण गरोदर बायकांनी टाळावं, आणि कोणीही काढा करून पिऊ नये.

तसंच भोपळ्याचं. कुठलाही भोपळा, झुकिनी किंवा दुधी कच्चा चाखून कडू लागला तर सरळ फेकून द्या. शिजवून तो कडूपणा आणि त्यातलं विष जात नाही. कडू दुधीच्या रसाने आपल्याकडे माणसं दगावली आहेत. चिरताना एक चकती जिभेला लावायला दोन सेकंद लागतात.

देवगडची_मी

हे महत्त्वाचं लिहिलंत. आई अजूनही दुधी आणि काकडी चाखल्याशिवाय चिरत नाही.

गुळाचा_खडा

एपासोते नसेल तर कोथिंबीर?

अबोली_जालिस्को

इथेही काही घरांत कोथिंबीर घालतात, पण ती गॅस बंद केल्यावर. स्वाद वेगळा, भाजी तरीही चांगली. वाळवलेलं एपासोते घेऊ नका. काळ्या घेवड्याच्या उसळीत ते थोडं तरी कामाला येतं, इतक्या हळुवार भाजीत नुसता वाळक्या गवताचा वास उरतो. आणि जिरं नको, कृपा करून. उत्तरेकडे काही जण घालतात, पण जिरं आलं की बाकी सगळ्यांचा आवाज बंद.

निवांत_नाना

जिऱ्याशिवाय भाजी हा विचारच पचायला जड आहे. पण तुमच्या शब्दाखातर एकदा करतो.

सांजसावली

केली! झुकिनी आणि देशी कणीस, एपासोतेऐवजी कोथिंबीर. केसो फ्रेस्को नव्हतं म्हणून पनीर कुस्करून मीठ लावून अर्धा तास ठेवलं होतं. मुलांनी वाटी पुसून खाल्ली. पनीर दिसलं की मुलं कुठल्याही देशाची भाजी खातात. रस खरंच भरपूर सुटला, मला भीती वाटत होती की पाण्याशिवाय करपेल. सोबत ज्वारीची भाकरी केली होती, तोर्तियाची आठवण कोणालाच झाली नाही.

एक शंका. माझा रस थोडा पातळच राहिला. मीठ आधी घातलं म्हणून का?

अबोली_जालिस्को

मस्त! पनीरची युक्ती बरोबर आहे, केसो फ्रेस्कोही असंच भुसभुशीत राहतं, वितळून तारा सुटत नाहीत. मिठात एक लिंबू पिळलंत तर आणखी जवळ जाईल.

रस पातळ राहिला तो मिठामुळे नाही. मीठ कधीही घातलं तरी भोपळा पाणी सोडणारच, आधी घातलं तर लवकर सोडतो एवढंच. टोमॅटो पुरेसा आटला नसेल. आपले सालाने जाड टोमॅटो वेळ घेतात. पुढच्या वेळी टोमॅटो, मिरची आणि लसूण तव्यावर कोरडेच काळे डाग पडेपर्यंत भाजून घ्या, मग खलबत्त्यात जाडसर कुटून घाला. इथे कोमालवर असंच भाजतात. निम्मं पाणी तव्यावरच जातं आणि भाजक्या सालीचा धुरकट स्वाद फुकट मिळतो.

रानवाट

खापरावर भाजले तर आणखी चांगले लागतात.

सांजसावली

करून सांगते. उरलेली भाजी फ्रीजमध्ये टिकते का?

तांबडी_माती

दोन दिवस आरामात, आणि दुसऱ्या दिवशी जास्त मुरते. फक्त पनीर वेगळं ठेव, भाजीत राहिलं तर रबरासारखं होतं. गरम करताना मंद आचेवर झाकण ठेवूनच कर, पाणी घालू नकोस. आणि उरलेल्या भाजीवर दोन अंडी फोडून झाकण ठेवलंस तर सकाळचा नाश्ता होतो. फोंद्यांमध्ये तसं देतात, सोबत एक भाजलेली मिरची.